भट्टीवाल्याला मारायची तयारी

सोमवार, ४ तारीख

ताई,

तुझ्या पायाला नमस्कार. मोडलेल्या नव्हे, बऱ्या पायाला. तू पडलीस, खुब्याचं हाड मोडलं, हे मला तिसऱ्याच माणसाकडून कळलं. असो. त्यावर काही बोलणार नव्हते, बोलून गेले.

तू माझ्याशी चौदा वर्षं बोलत नाहीस. मोजायला मला चौथीपर्यंतची शाळा पुरते. पण आज जे झालं ते कुणाला सांगितलं नाही तर माझं पोट फुटेल, आणि सांगायला तुझ्याशिवाय आहे कोण? शेजारीण आहे, पण तिला सांगितलं की गावाला सांगितलं.

तर ऐक. माझी नात कॉलेजसाठी माझ्याकडे राहते. रोज पाच वाजले की खोलीचं दार लावून घेते. मी म्हणायची, अभ्यास करते पोर. आज चहा घेऊन दाराशी गेले तर आतून काय ऐकू यावं? "पायावर मार! पडला की सगळे तुटून पडा! आज जिवंत सोडायचा नाही!" ताई, माझ्या हातातला कप गेला, बशी तेवढी वाचली. एकोणीस वर्षांची पोर, माशी मारत नाही, आणि ही भाषा! स्वयंपाकघरात पळाले, हाताला पातेल्याचं झाकण लागलं ते घेऊन आत शिरले. कुणाला मारणार होते देव जाणे.

आत ती एकटी. कानाला ते मोठे हेडफोन, पुढे कॉम्प्युटर, आणि कॉम्प्युटरात पोटात भट्टी पेटलेला ताडमाड पुरुष.

"आजी! अगं खेळ आहे!"

"खेळात माणसं मारतात?"

"माणूस नाही गं. बॉस आहे तो."

तर ह्या खेळात जो सगळ्यांत शेवटी येतो, सगळ्यांत मोठा असतो आणि सगळ्यांना छळतो त्याला बॉस म्हणतात. ह्याचं मात्र मला अजिबात नवल वाटलं नाही. तुलाही वाटणार नाही.

पाच जणांनी मिळून त्याला मारायचा. येत्या सतरा तारखेच्या रविवारपर्यंत मारला तर मारला, मग त्याचा दरवाजाच बंद होतो. आणि हिच्या टीममधली औषध देणारी मुलगी नोकरी लागली म्हणून सोडून गेली. पोर रडकुंडीला आली होती. मी विचारलं, काम काय असतं तिचं? म्हणाली, "सगळ्यांच्या मागे उभं राहायचं, कुणाला लागलं ते बघायचं, औषध द्यायचं. स्वतः मरायचं नाही."

मी म्हटलं, बाई गं, हे तर मी लग्न झाल्यापासून करतेय.

तर मी आता वैद्यीण आहे. हिरवा झगा, हातात काठी, कमरेपर्यंत केस. केस बघून मीच लाजले.

पोर ह्या पत्राचा फोटो काढून तुझ्या लेकीच्या फोनवर पाठवणार आहे. तू एक ओळ लिही. शिवी लिहिलीस तरी चालेल, पण तुझ्या हातची पाहिजे. त्या जुन्या गोष्टीवर मी काही लिहीत नाही. झालं ते झालं.

तुझी धाकटी


गुरुवार, ७ तारीख

ताई,

उत्तर आलं नाही. पाय दुखत असेल, असं मी धरून चालते.

इथे मला रोज नवा धक्का बसतोय. काल मी मेले. खरंच सांगते, चालता चालता दरीत पडून मेले, आणि दहा मोजेपर्यंत परत उभी! मेल्यावर चक्क बोलताही येतं. दाताचा डॉक्टर म्हणाला, "आजी, घाबरू नका, मी आज चारदा मेलोय."

हा डॉक्टर आपल्या टीममध्ये आहे. दिवसभर लोकांचे दात उपटतो आणि संध्याकाळी इथे येऊन बोटांतून आग सोडतो. जरा लागलं की असा ओरडतो, असा ओरडतो, की ह्याचे पेशंट ह्याच्यापेक्षा धीराचे असतील. दुसरा बसचा ड्रायव्हर. तो बाण मारतो. मला मावशी म्हणतो आणि प्रत्येक वाक्याच्या शेवटी "पुढे चला" म्हणतो. तिसरी माझी नात. ती सगळ्यांची सूत्रं हलवते, घरात मात्र टॉवेल जागेवर टाकत नाही. चौथी मी.

आणि पाचवा तो ढालवाला. त्याचं नाव कासव. महिन्याभरापूर्वी आला म्हणे. माईकच नाही म्हणे त्याच्याकडे, एक शब्द बोलत नाही. सगळ्यांच्या पुढे उभा राहतो, येईल तो घाव ढालीवर घेतो, आणि बाकीचे मागून मारतात. घाव बसायच्या आधी तलवारीनं ढालीवर दोनदा ठोकतो, टक टक. ते ऐकलं की माझी मान आपोआप खाली जाते. पोर म्हणते, "आजी, आम्हाला हे शिकायला आठवडा लागला, तुला पहिल्या दिवशी कसं जमलं?" मी म्हटलं, अनुभव.

आता मोठा धक्का ऐक. भट्टीवाल्याच्या आगीतून जायला पाच झगे पाहिजेत, न जळणारे. त्यासाठी तीन दिवस आम्ही डोंगरात कसले कसले चिवट कोळी मारून त्यांचं सूत गोळा केलं. मी हौसेनं म्हटलं, शिवणार मी. ह्या हातांनी तीस वर्षं शर्ट शिवलेत. पोरीनं एक बटण दाबलं, आणि झगा तयार! ना माप, ना कापणं, ना काज, ना बटण! मी तोंडात बोट घालून बसले. तू आणि मी कारखान्यात सात नंबरच्या बाकावर बसून काय आयुष्य घातलं ग? उलटा करून शिलाई बघायला गेले तर झगा उलटाच होत नाही.

सात नंबर लिहिलं म्हणून आठवलं. तुझी नोकरी गेली त्यात माझा काय दोष होता ते मला कुणी सांगावं. मालकानं विचारलं, सुपरवायझरनं त्या पोटुशी मुलीला काय म्हटलं ते तू ऐकलंस का. मी म्हटलं, मशीन चालू होती, ऐकू आलं नाही. एवढंच. ऐकू आलं नाही तर नाही.

लिहिणार नव्हते. पण पेन आहे, खोडता येत नाही.

तुझी धाकटी


मंगळवार, १२ तारीख

ताई,

आज तालीम होती. भट्टीवाल्यासमोर पहिल्यांदा उभी राहिले आणि माझ्यामुळे सगळे मेले. मला अजून विश्वास बसत नाही.

झालं असं. प्रत्येकाच्या डोक्यावर जिवाची एक पट्टी असते. हिरवी म्हणजे बरा, तांबडी म्हणजे गेला. मी पट्ट्या बघायच्या असतात. पण पट्ट्या कोण बघतं? माझे कान उघडे होते ना! डॉक्टर ओरडला, "आजी, मेलो, मेलो!" मी धावले, त्याला औषध. ड्रायव्हर ओरडला, "मावशी, इकडे, पुढे चला!" त्याला औषध. डॉक्टर पुन्हा बोंबलला, पुन्हा त्याला. माझं औषधाचं भांडं संपत आलं आणि मला वाटलं, वा, काय छान चाललंय, सगळे मला हाका मारतायत.

तेवढ्यात पुढे धप्प आवाज झाला. बघते तो कासव पडलेलं.

त्यानं हाक मारलीच नव्हती. त्याची पट्टी कधी तांबडी झाली, कधी संपली, मी पाहिलंच नाही. ते पडल्यावर भट्टीवाला आमच्यावर आला आणि चार पावलांत आमची राख.

पोर चिडली नाही, तेच जास्त लागलं. शांतपणे म्हणाली, "आजी, जो ओरडतो त्याला नाही, जो मार खातो त्याला आधी द्यायचं. तो पडला की आपण कुणीच नाही."

"मग त्यानं ओरडावं ना!" मी म्हटलं.

"तो ओरडणाऱ्यातला नाही."

डॉक्टर मध्येच म्हणाला, "आजी, मी उद्यापासून कमी ओरडतो." दोन मिनिटांत पुन्हा ओरडला, ती गोष्ट वेगळी.

चहात मी साखर दोनदा घातली. खेळच तो, दहा मोजेपर्यंत कासव उठलंसुद्धा. उठून पुन्हा पुढे जाऊन उभं राहिलं, मागे वळून बघितलंही नाही. बघितलं असतं तर बरं वाटलं असतं.

तुझं उत्तर नाही. तुझ्या लेकीला पोरीनं विचारलं, तर म्हणे पत्र तुला वाचून दाखवलं. मग? एक ओळ?

तुझी धाकटी


गुरुवार, १४ तारीख

ताई,

ताई, तूच ना?

घाईत लिहितेय, अक्षर लागलं नाही तर पोरीकडून वाचून घे. ती मेली सगळं जाणून आहे.

आज मी शहाण्यासारखी पट्ट्या बघत होते. कासवाची पट्टी हिरवीगार ठेवली होती. भट्टीवाला एकदा अर्ध्यावर आला की धुरात नाहीसा होतो आणि कुणाच्या तरी मागे उगवतो. मग जो हलेल त्याला जाळतो. धूर झाला. आणि पुढून आवाज आला. टक टक. थांबून, टक.

मी दगड झाले. श्वास घेतला नाही. आग माझ्या झग्याला घासून गेली आणि मला काही झालं नाही. डॉक्टर पळाला, तो जळाला.

पोर ओरडली, "आजी, तो मागे आहे हे तुला कुणी सांगितलं?"

कुणी सांगितलं! दोन आणि एक. सुपरवायझर रांगेत शिरला की तू कात्रीनं टेबलावर दोनदा ठोकायचीस, मान खाली घाल. आणि नेमका माझ्या पाठीशी येऊन उभा राहिला की दोन, थांबून एक. तुझ्या मागेच आहे, हलू नकोस. सबंध कारखान्यात हे दोघींनाच माहीत होतं. मी हसतबिसत असले, काजाचं माप चुकलेलं असलं, तर त्या एका ठोक्यानं मी किती वेळा वाचले!

माईकमध्ये ओरडले, "ताई?"

कासव वळलं. पहिल्यांदा वळलं. आणि पडद्यावर अक्षरं आली: कासव खेळातून बाहेर पडले.

मी नातीचा कानच धरला. म्हणाली, "मीच बोलावलं मोठ्या आजीला. पाय मोडून पडून होती, दिवसभर भिंतीकडे बघत बसते असं तिच्याकडची मावशी म्हणाली. मी तिला फोनवर शिकवलं. तू येशील हे तेव्हा मला तरी कुठे माहीत होतं?"

"मग मी आले तेव्हा?"

"तुझं पहिलं पत्र मीच पाठवलं ना. तिला त्याच दिवशी कळलं वैद्यीण कोण आहे ते. मी म्हटलं, मोठी आजी, आता सोडणार का? ती म्हणाली, ढाल कोण धरेल मग? आणि म्हणाली, तिला सांगितलंस तर तंगडं मोडीन, माझं मोडलंय तसं."

म्हणजे चार तारखेपासून तुला माहीत होतं. मी मशीनचं लिहिलं ते वाचलंस आणि पाच वाजता येऊन माझ्यापुढे उभी राहिलीस. मी तुला मरू दिलं, आणि तू उठून पुन्हा उभी राहिलीस.

रविवार तीन दिवसांवर आहे. ये ग.

धाकटी


शुक्रवार, १५ तारीख

ताई,

आज पाच वाजता तू आली नाहीस. आम्ही चौघं दारात उभे राहिलो आणि परत फिरलो. ड्रायव्हरसुद्धा "पुढे चला" म्हणाला नाही.

मग आता लिहितेच. पोरीला म्हटलं, तू बाहेर बस, हे पत्र वाचू नकोस, नुसता फोटो काढ. डोळे मिटून काढते म्हणाली. बघू कसा येतो.

मशीन बंद होती.

वीज गेली होती. चाळीस मशिनी बंद, इतकं शांत की नळाचं पाणी ठिबकलेलं ऐकू येत होतं. ती पोटुशी मुलगी भोवळ येऊन खुर्चीवरून घसरली. सुपरवायझर तिला जे म्हणाला ते मला शब्दाशब्दानं ऐकू आलं, आणि ते मी अजूनही कागदावर लिहू शकत नाही. तू उठलीस. त्याच्या आणि तिच्या मध्ये जाऊन उभी राहिलीस. तू त्याला शिवी दिली नाहीस. तू म्हणालीस, "तिला पाणी आणा आणि तुम्ही बाहेर जा." एवढंच म्हणालीस.

मालकाच्या खोलीत तो म्हणाला, हिनं मला शिव्या दिल्या, हात उगारला. मालकानं मला बोलावलं. मी दारातून आत आले तेव्हा तू माझ्याकडे पाहिलंस. घाबरलेली नव्हतीस. तुला वाटलं, आली माझी बहीण, आता झालं. तेच मला विसरता येत नाही. तू निर्धास्त होतीस.

आणि मी म्हटलं, मशीन चालू होती.

वीज नव्हती हे मालकालाही माहीत होतं ग! सगळ्यांना माहीत होतं. तरी त्यानं मान डोलावली, कारण त्याला तेच पाहिजे होतं. तू एक शब्द बोलली नाहीस. मला खोटी पाडली नाहीस. पिशवी उचललीस, गेलीस. दुसऱ्या दिवशी त्यांनी मला तुझी खिडकीजवळची जागा दिली. मी बसले, ताई. नऊ वर्षं तिथे बसले. उजेड चांगला होता.

मला भीती होती, घर होतं, सगळं होतं. ते तुलाही होतं.

आणखी काही सांगण्यासारखं नाही. ये किंवा नको येऊस. नाही आलीस तर मी बोलणार नाही.

धाकटी


सोमवार, १८ तारीख

ताई,

काल तू तिथे होतीस, तुला सगळं माहीत आहे, तरी लिहिते. माझ्या बाजूनं कसं दिसलं ते तुला ठाऊक नाही.

पाचला दोन मिनिटं कमी. आम्ही चौघं दरवाजाशी. पोरीनं सूचना दिल्या, पण तिच्या आवाजात जीव नव्हता. आणि बाजूला काही न बोलता ढाल उभी राहिली. डॉक्टर म्हणाला, "कासव आलं!" मी तोंडात पदर कोंबला. बोलणार नाही म्हटलं होतं ना.

पहिला अर्धा भाग तालमीसारखा झाला. मग धूर, मग आग, आणि भट्टीवाल्यानं दोन्ही हातांनी मारायला सुरुवात केली. असं त्यानं तालमीत कधीच केलं नव्हतं. डॉक्टर ओरडला, "आजी! आजी, मी गेलो!" माझ्या भांड्यात दोनच घोट होते. तुझी पट्टी तांबडी होती आणि तू गप्प होतीस.

मी डॉक्टरला मरू दिलं. ड्रायव्हर मावशी मावशी करत गेला. शेवटी माझी पोर म्हणाली, "आजी, मला नको, तिला!" आणि तीही गेली. सख्खी नात डोळ्यांदेखत जळाली आणि मी तुला औषध देत राहिले. दोन्ही घोट तुला.

मग उरलो दोघी. त्याच्या पट्टीचं नखाएवढं टोक शिल्लक. तू ढाल धरलेली, तुला हात सोडता येईना. मारणार कोण? माझ्याकडे औषधाची काठी! पोर मेल्या जागेवरून ओरडत होती, "आजी, मार! मार त्याला काठीनं!" मी इतकी वर्षं कुणाच्या पुढे गेले नाही ग. तुझ्या बाजूनं पुढे आले, डोळे मिटले आणि हाणत सुटले. एकेक टोला म्हणजे डासाचा चावा. किती मारले मोजले नाहीत. डोळे उघडले तर तो गुडघ्यावर होता, मग आडवा.

बापरे! डॉक्टर रडत होता! ड्रायव्हरनं खरा हॉर्न वाजवला, डेपोत बसून खेळत होता म्हणे. मी घामानं भिजलेली, पोर माझ्या गळ्यात.

आणि त्या गोंधळात तुझा माईक उघडला.

चौदा वर्षांनी तुझा आवाज, आणि पहिला शब्द काय, तर "गधडे!"

मग तू जे बोललीस, पंधरा मिनिटं, न थांबता, खिडकीच्या जागेपासून ते माझ्या धाकट्या लेकीच्या लग्नात तुला न बोलावण्यापर्यंत, ते सगळं दाताच्या डॉक्टरनं आणि बसच्या ड्रायव्हरनं ऐकलं. ड्रायव्हर एकदा म्हणाला, "आम्ही जातो," तर तू म्हणालीस, "बसा. तुम्हीही ऐका, कुणाच्या हातचं औषध पिता ते." बसले बिचारे.

मी म्हटलं, ताई, माफ कर. तू म्हणालीस, "नाही केलेलं. करीन की नाही माहीत नाही. मी खेळायला आलेय."

मी हबकले. इतकं मारल्यावर, इतकं सांगितल्यावर मला वाटलं होतं तू विरघळशील. मग तू म्हणालीस, "पुढच्या बॉसला मी मागे बसणार. माझा पाय मोडलाय, मी औषध देईन. ढाल तू धर. बघू दे मला, कशी उभी राहतेस."

मी रात्रभर विचार केला, ढाल कशी नाकारावी. सकाळी पोरीला म्हटलं, दे ती ढाल.

धाकटी


मंगळवार, १९ तारीख

ताई,

पोरीनं सांगितलं, तू अजून जागी आहेस, म्हणून दोनच ओळी.

आज पाच वाजता ढाल घेऊन पुढे उभी राहिले. समोर काहीच दिसत नाही ग, नुसता तो अंगावर येताना दिसतो. तू इतकी वर्षं हेच बघत होतीस हे मला माहीत नव्हतं. चार सेकंदांत मेले. ढाल उलटी धरली होती, पोर म्हणाली.

आणि कानात तू हसलीस. खो खो हसलीस, खोकला लागेपर्यंत, तुझी लेक पाणी घेऊन धावत आलेली मला ऐकू आली.

दुसऱ्यांदा मेले ते मुद्दाम मेले.

तुझी धाकटी